रिकामा डबा परत करू नये

मराठी माणसाने युरोप पाहिला तो बराचसा डब्याच्या आधाराने. आमच्या पिढीतली माणसं सहलीची चौकशी करायला गेली की पहिला प्रश्न जेवणाचा. यात्रा कंपन्याही हे ओळखून असत. जाहिरातीत आयफेल टॉवर एका कोपऱ्यात आणि 'रोज भारतीय जेवण' मधोमध, ठळक. स्वित्झर्लंडात युंगफ्राऊयोखला, 3,454 मीटर उंचीवर, बर्फाच्या ऐन काठाला 'बॉलिवूड' नावाचं भारतीय उपाहारगृह आहे, ते काही स्विस लोकांच्या आग्रहाखातर निघालेलं नाही. आगगाडीने तिथवर चढून डाळ-भात जेवणारे आपणच. परत आलेल्याला "कसा काय युरोप?" म्हणून विचारावं, तर तो सांगणार, "मस्तच. पोहे जरा गार मिळाले एवढंच."

मुलांची पिढी याच्या बरोब्बर उलटी. ती मुळी खायलाच जाते. देऊळ, राजवाडा, संग्रहालय जमलं तर. त्यातूनच हे 'फूड वॉक'चं प्रकरण निघालं. गावातला एक जाणकार पुढे, त्याच्यामागे दहा-बारा परके लोक, तीन-चार तासांची पायपीट, पाच-सहा ठिकाणी थांबून थोडं थोडं खाणं आणि त्यासोबत इतिहास. माणशी पाऊणशे ते शंभर युरो. आमच्या मुलीने लिस्बनमध्ये आम्हा दोघांसाठी हे ठरवलं, तेव्हा ह्यांनी युरोला रुपयाने गुणून पाहिलं आणि म्हणाले, "एवढ्यात मरोळला महिन्याचा किराणा येतो. आणि वाणी तो घरपोच देतो, चालवत नाही."

नाव नोंदवताना एक अर्ज भरायचा होता. ग्लूटेन चालतं का, दाणे चालतात का, कोळंबीची ॲलर्जी आहे का, मद्य घेता का. युरोपाने माणसाच्या पोटाचा इतका बारकाईने विचार केलेला पाहून मला कौतुक वाटलं. पण आमच्या ह्यांचा प्रश्न त्या अर्जात कुठेच बसेना. हे मासे खातात, कोंबडी खातात, अंडी खातात. फक्त सोमवारी, गुरुवारी, संकष्टीला, एकादशीला आणि श्रावणात खात नाहीत. वाराची ॲलर्जी असलेला माणूस लिस्बनला ठाऊक नव्हता. फेरी नेमकी गुरुवारी होती.

"बाबा, परदेशात चालतं," मुलगी म्हणाली.

"गुरुवार काय पासपोर्टवर असतो का?" ह्यांनी विचारलं.

शेवटी तोडगा ह्यांनीच काढला. आयुष्य बँकेत गेलेलं, त्यामुळे तारखा आणि वेळा याबाबतीत माणूस पक्का. उन्हाळ्यात लिस्बन आपल्यापेक्षा साडेचार तास मागे. म्हणजे तिथे संध्याकाळचे साडेसात वाजले की मरोळला रात्रीचे बारा. फेरी पाचला सुरू होणार. साडेसातपर्यंत गुरुवार पाळायचा, पुढे मरोळला शुक्रवार लागला की मोकळं. "अहो, आपला वार सूर्योदयाला बदलतो, मध्यरात्री नाही," मी आठवण केली. त्यावर ह्यांनी, बँकेत सूर्योदय धरत नाहीत, एवढंच सुनावलं.

आमची वाटाडी तिशीतली, तुरतुरीत मुलगी होती. हातात मिटलेली हिरवी छत्री. आभाळ निरभ्र होतं, पण गर्दीत ती उंच धरली की आमची सगळी वरात मागोमाग निघायची. पहिला मुक्काम साओ दोमिंगोसच्या चौकातल्या एका खणाएवढ्या दुकानात. 1840 पासून तिथे एकच वस्तू मिळते, ती म्हणजे जिंजिन्या. आंबट चेरी मुरवलेलं गोडसर मद्य. गल्ल्यावरचा माणूस एकच प्रश्न विचारतो, चेरीसकट की चेरीविना. दुकानात बसायला जागा नाही. पेला घ्यायचा, चौकात उभं राहून संपवायचा आणि चेरीची बी थुंकायची. आम्ही गेलो तेव्हा पायाखालचा दगड चिकट झाला होता आणि चपला उचलताना चक्क आवाज येत होता. ह्यांनी पेला नुसता हातात धरला, कारण मरोळला अजून साडेनऊच वाजले होते. पैसे भरलेली वस्तू वाया जाऊ नये म्हणून त्यांचा पेलाही मीच संपवला. अन्नाचा अपमान करू नये असं मला लहानपणापासून शिकवलेलं आहे.

तिथून पुढे रुआ दो आर्सेनालला आलो. ही सुक्या मासळीची गल्ली. लिस्बनला समुद्र आहे, नदीचं मुख आहे, सार्डिन आहेत. तरी पोर्तुगीज माणसाचा जीव कशात, तर बाकल्याउ नावाच्या खारवलेल्या कॉड माशात. तो त्याच्या समुद्रात मुळी मिळतच नाही. तो येतो उत्तरेच्या थंड पाण्यातून. शतकानुशतकं पोर्तुगीजांची जहाजं न्यूफाउंडलंडपर्यंत जाऊन तो धरून, मीठ लावून आणत. आता नॉर्वे-आइसलंडचा माल येतो. दुकानात मोठाले, चपटे, पांढुरके मासे फळ्यांसारखे एकावर एक रचलेले. घ्यायचा तो तुकडा लोखंडी पात्याखाली धरून कापून देतात. घरी आणला की दिवस-दोन दिवस पाण्यात भिजत ठेवायचा, पाणी बदलत राहायचं, मग चूल. त्याचे हजारावर प्रकार होतात म्हणे. वाटाडी हे सगळं मोठ्या अभिमानाने सांगत होती. गटातल्या एका जर्मन बाईने नाकाला रुमाल लावला होता. दोन अमेरिकन मुलं दाराबाहेरच थांबली.

मी मात्र आत जाऊन खोल श्वास घेतला. हेही मागून आले. आम्ही एकमेकांकडे पाहिलं आणि दोघांच्या तोंडून एकदम निघालं, "मरोळ!"

आता मरोळ कुठे, तर अंधेरी पूर्वेला, विमानतळाच्या अगदी पाठीशी. युरोपला जाणारं विमान आमच्या डोक्यावरून जातं, इतकं खालून की गच्चीवर वाळत घातलेल्या चादरी हलतात. जगभरचा प्रवासी आमच्यावरून जातो आणि एकही खाली उतरत नाही. उतरतो तो कचेरीवाला. कारण एका बाजूला एमआयडीसी, दुसरीकडे सीप्झचं निर्यातक्षेत्र, मधोमध मरोळ नाका. इथे 2014 पासून एक मेट्रो डोक्यावरून जाते आणि 2024 पासून दुसरी पायांखालून. अशा या दोन मेट्रोंच्या मध्ये मरोळचा सुक्या मासळीचा बाजार आहे. मुंबईत सुकी मासळी घाऊक घ्यायची तर ज्या मोजक्या ठिकाणी जावं लागतं, त्यातलं हे एक. त्याला पाटीची गरज नाही. वाऱ्याची दिशा बरोबर असली तर परक्या माणसालाही तो सापडतो.

जून-जुलैत मासेमारी बंद. त्यामुळे मे महिन्यात आगोटीची, म्हणजे पावसाळ्याच्या बेगमीची, खरेदी जोरात. बोंबील, जवळा, सोडे, करंदी, वाकटी, मांदेली, खारा बांगडा. टोपल्यांपुढे कोळणी बसलेल्या. अंबाड्यात अबोली, कानांत सोनं आणि आवाजात उपनगरी गाडीची शिट्टी. बोंबील वाळवतात तो प्रकार तर लिस्बनला नेऊन दाखवावा. त्याला मीठ लागत नाही, यंत्र लागत नाही. दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवायचे आणि ती जोडी बांबूंना बांधलेल्या दोरीवर टांगायची. पुढचं काम ऊन आणि खारा वारा करतो. विकत घेताना रंग पाहायचा. लालसर पडलेला घ्यायचा नाही. मोडून पाहायचा, काडकन तुटला तर माल कोरडा. ही माझी पद्धत, आणि प्रत्येक कोळणीला ती पसंत असते असं नाही. "ताई, घ्याचं हाय का नुसतं मोडाचं हाय?" असं मला भर बाजारात ऐकून घ्यावं लागलं आहे. मग मी मुकाट्याने अर्धा किलो घेते. लिस्बनच्या दुकानात मालक हसून बोलला, हात धुवायला ओला रुमाल दिला, छायाचित्र काढू दिलं. पण भाव करायला मिळाला नाही, कुणी रागावलं नाही आणि निघताना वर मूठभर जवळाही पडला नाही. खरेदी झाल्यासारखं वाटेचना.

त्या रात्रीचं पुढचं थोडक्यात सांगते. चीज, ऑलिव्ह, पाव आणि टोमॅटो यांवर ह्यांनी गुरुवारचा उत्तरार्ध तारून नेला. तिथली एक रीत मात्र इतरांनी ध्यानात ठेवावी. साध्या उपाहारगृहात बसलं की न मागता पाव, लोणी, ऑलिव्ह समोर येतात. आपल्याला वाटतं पाहुणचार. हात लावला की ते बिलात. नको असेल तर बाजूला सरकवायचं, कुणी वाईट मानत नाही. आदल्या दिवशी आम्ही सगळं संपवून वर आणखी मागितलं होतं. या फेरीत ते वर्गणीत धरलेलं होतं, म्हणून ह्यांनी व्याजासकट वसूल केलं. साडेसात वाजले. ह्यांनी घड्याळ पाहिलं, "शुक्रवार" असं जाहीर केलं आणि बटाट्यात कुस्करलेल्या बाकल्याउचे तळलेले लांबट वडे समोर ओढले. वाटाडीला वाटलं हा काहीतरी धार्मिक विधी आहे. तसा तो होताच.

त्यानंतरच्या दुकानात काचेआड तिकोनी, तळलेली, ओळखीची वस्तू. नाव 'शामुसा'. आपला सामोसा, दुसरं कोण. गोव्याची आणि मोझांबिकची माणसं घेऊन गेली, आणि आता तो लिस्बनच्या कुठल्याही कॉफीच्या दुकानात पोर्तुगीज म्हणून बसतो. वाटाडीने तो आम्हाला मोठ्या कौतुकाने समजावून सांगितला. आतलं सारण, पीठ, घडी कशी घालतात. आम्हीही कौतुकाने ऐकलं. पोरीचा उत्साह मोडवेना.

पण त्या सामोशापाशी मला जे सुचलं, ते अजून डोक्यातून जात नाही. ही फेरी लिस्बनमध्ये चालली होती, पण तिच्यातलं जवळजवळ सगळं आमच्या घरापासून रिक्षाच्या किमान भाड्यात मिळतं. आणि तो योगायोग नव्हे. मरोळ ज्या साष्टी बेटावर आहे, ते 1534 पासून 1730 च्या दशकाच्या उत्तरार्धापर्यंत पोर्तुगीजांच्या ताब्यात होतं. मुंबईची बेटं 1661 च्या लग्नाच्या करारात इंग्रज राजाला आहेर म्हणून गेली, पण साष्टी पोर्तुगीजांनी सोडली नाही. ती घेतली मराठ्यांनी, चिमाजी अप्पांच्या वसईच्या मोहिमेत. म्हणजे दोनशे वर्षं मरोळ आणि लिस्बन यांचा धनी एक होता. तो गेला, आणि स्वयंपाकघरात बरंच काही ठेवून गेला.

ते पाहायचं तर मरोळच्या गावठाणात शिरावं. मोठ्या रस्त्यावरून आत वळलं की एकदम आवाज कमी होतो. वाकडीतिकडी गल्ली, कोपऱ्यावर फुलांच्या माळेतला क्रूस, ओटा असलेली बैठी घरं, आणि त्यांच्या मधून अलीकडे डोकं काढलेल्या चार-पाच मजली इमारती. हे ईस्ट इंडियन लोकांचं गाव. धर्माने ख्रिस्ती, बोली मराठी, आणि मुंबईचे मूळ रहिवासी. 1887 साली, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवाच्या वर्षी, त्यांनी आपली संघटना काढली आणि हे नाव घेतलं. बाहेरून पोटापाण्यासाठी आलेल्या ख्रिस्ती मंडळींपासून आपण वेगळे, आपण इथलेच, हे गोऱ्या साहेबाला कळावं म्हणून. यांचं जुनं देऊळ जेझुइटांनी 1579 साली बांधलं. आता ते सीप्झच्या कुंपणाआड आहे. साथ आली म्हणून 1840 मध्ये गाव तिथून उठून इकडे सरकलं आणि देवळालाही इकडेच आणलं. तेच साल, ज्या साली लिस्बनच्या चौकात जिंजिन्याचं दुकान उघडलं. जुन्या देवळाच्या भिंती तिकडे झाडीत उभ्या आहेत, आजूबाजूला संगणक आणि हिऱ्यांचे कारखाने, आणि आत जायचं तर फाटकावर पास दाखवावा लागतो. वर्षातून एकदा तिथे मिस्सा होते. तेवढ्यापुरतं गाव आपल्या जुन्या जागी जाऊन येतं.

गावठाणातली एक आंटी माझ्या ओळखीची. एप्रिल-मे महिन्यात तिच्या ओट्यावर मिरच्या वाळत पडतात, सोबत हळकुंडं, धणे, आणि मला नावानिशी न येणारे कितीतरी जिन्नस. भाजतात वेगवेगळे, कुटतात एकत्र. कुटणाऱ्या बायका समोरासमोर उभ्या राहून आळीपाळीने मुसळं मारतात. मग तो मसाला तपकिरी बाटल्यांत ठासून भरायचा, बहुधा बिअरच्या, म्हणजे उजेड लागत नाही आणि वर्षभर वास जात नाही. हाच तो बॉटल मसाला. जिन्नस वीस की तीस, हे घराघरावर. प्रमाण विचारलं तर आंटी हसते. "तू सून म्हणून ये, मग सांगते." माझं लग्न होऊन चार दशकं झाली, हे तिला ठाऊक आहे.

तिचं फुगे करणं बघण्यासारखं. मैदा, अंडी, नारळाचं दूध, असं सैल, आंबवलेलं पीठ. मुठीत घ्यायचं, मूठ आवळायची, अंगठा आणि तर्जनीच्या बेचक्यातून गोळा वर येतो. तो कढईत सोडायचा. टप, टप, टप. गोळे फुगतात आणि कुणी हात न लावता आपले आपण कूस बदलतात. बरोबर इंदियाल किंवा सोरपोतेल. डुकराचं मांस, व्हिनेगर, आणि तो मसाला. लिस्बनच्या टास्कात, म्हणजे साध्या खानावळीत, आम्हाला बिफाना दिला, लसूण आणि वाइनमध्ये मुरवलेल्या डुकराच्या मांसाचे तुकडे भरलेला पाव. हे त्यावर गप्प राहिले. मग कानात म्हणाले, "आंटीचं याच्यापेक्षा चढ आहे. याला मिरची पोचलेली नाही." खरं म्हणजे मिरची अमेरिका खंडातून उचलून आपल्याकडे आणली ती याच लोकांनी. स्वतः मात्र तिला लांबच ठेवलं.

तर असं हे सगळं मरोळला आहे. सुकी मासळी आहे, आंबट-तिखट मांस आहे, सोळाव्या शतकातलं देऊळ आहे, दंतकथा सांगणारी माणसं आहेत. त्यावर आणखी बोहरी मंडळींची अल्जामिया-तुस-सैफिया ही शिक्षणसंस्था आहे, जिच्या मरोळच्या आवाराचं उद्घाटन 10 फेब्रुवारी 2023 ला झालं. मोठ्या थाळ्याभोवती आठ जणांनी बसायचं, आधी चिमूटभर मीठ जिभेवर ठेवायचं, मग गोड, मग तिखट, आणि थाळ्यात एक शीतही उरू द्यायचं नाही, ही त्यांची जेवायची रीत. दुपारी एमआयडीसीतल्या कचेऱ्या सुटल्या की फुटपाथवर चार राज्यांच्या थाळ्या लागतात. पलीकडे मरोशीच्या बाजूला गेलं की आरेचं रान, 1949 सालची दूध वसाहत आणि त्याही आधीपासूनचे वारली पाडे. मग इथे फेरी का निघत नाही?

एक उत्तर अगदी साधं आहे. पायी फेरीला पाय ठेवायला जागा लागते. लिस्बन सात टेकड्यांवर आहे, तिथले चुनखडीचे बारीक पांढरे दगड पावसात निसरडे होतात, पण चालण्याची वाट चालण्यासाठीच आहे. आमच्याकडे मरोळ नाक्यापासून मासळीबाजारापर्यंत फुटपाथवर मोटारसायकली, मेट्रोचे खांब, चहाची टपरी, केबलवाल्यांनी उकरलेली माती आणि जप्तीतून सुटलेली हातगाडी. मिटलेली हिरवी छत्री उंच धरून कुणी पुढे गेलंच, तर मागच्या बारा जणांतले चार रिक्षात बसून निघून जातील.

दुसरं उत्तर मला नंतर उमगलं. लिस्बनला आम्ही पैसे भरले ते खाण्याचे नव्हतेच. बाकल्याउचा वडा काही शंभर युरोंचा नसतो. पैसे होते ओळखीचे. परक्या गावात कुठे शिरावं, काय मागावं, कुणाशी हसावं, हे कळायला वर्षं जातात. ती वर्षं त्या मुलीने आम्हाला तीन तासांसाठी भाड्याने दिली. प्रत्येक दुकानात तिचा मालकाशी घरोबा, आणि तिच्या पदराआडून आमचाही. हे काही लहान काम नव्हे, तिच्या श्रमाला मोल आहेच. शेवटी गरम कस्टर्डची ती करपल्या डागांची वाटी, पास्तेल द नाता, हातात देऊन तिने प्रत्येकाला मिठी मारली. आम्ही तिला वर बक्षीस दिलं, गुणांकनात पाच तारे दिले, आणि सुटलो. ना तिचं आमच्याकडे काही राहिलं, ना आमचं तिच्याकडे. हिशेब चोख. हे खूश. बँकेचा माणूस.

मरोळमध्ये असं सुटता येत नाही. नाताळात आंटीकडून ताट येतं, वर क्रोशाचा रुमाल. त्यात कुलकुल, दुधाची वडी, नेवऱ्या. ताट धुऊन परत द्यायचं, पण रिकामं द्यायचं नाही, हे माझ्या सासूबाईंनी मला लग्नाच्या पहिल्या वर्षी बजावलं. निदान साखर तरी घाल म्हणाल्या. मग संक्रांतीला तिळाच्या वड्या त्याच ताटातून जातात. दिवाळीला आपल्या करंज्या तिकडे, नाताळात त्यांच्या नेवऱ्या इकडे. वस्तू तीच, सारणही जवळपास तेच. नुसत्या प्रदक्षिणा चालल्या आहेत. मधूनच डब्याचं झाकण बदलतं. माझा एक स्टीलचा डबा गेली कित्येक वर्षं तिच्याकडे आहे आणि तिचा एक चिनीमातीचा वाडगा माझ्याकडे. दोघींनाही ठाऊक आहे, दोघीही मागत नाही. मागितला तर हिशेब मिटेल.

ह्या उधारीचे तोटेही आहेत. बोंबील एकीकडून घेतला आणि पुढच्या आठवड्यात दुसरीकडे वळलो, तर पहिली कोळीण बाजारभर ऐकवते. आंटीच्या नातवाच्या बारशाला गेलंच पाहिजे, पाऊस असो वा कंबर धरलेली असो. शुगर वाढली म्हणून गोड नको म्हटलं, तर तिचा चेहरा पडतो आणि मग मी खाते, आणि मग शुगर वाढते. पैसे देऊन मोकळं होण्यात एक सुख आहे, ते मला लिस्बनमध्ये पहिल्यांदा नीट कळलं. कुणाच्या घरचं लग्न चुकवल्याचा धाक नाही, कुणाला आपलं आजारपण सांगावं लागत नाही, पोटभर खावं आणि ट्रामने निघावं. वर्षातून एकदा असं खाणं प्रकृतीला चांगलं. रोजच्या रोज मात्र मला ते जमणार नाही.

म्हणून मरोळची फेरी कुणी काढलीच, तर माझा विरोध नाही. गावठाणं झपाट्याने इमारतींखाली चालली आहेत, ओटे कमी झाले की मिरच्या वाळणंही कमी होणार. चार लोक येऊन बघतील, विचारतील, चार पैसे कोळणींना आणि आंट्यांना मिळतील, तर ते हवंच. फक्त महापालिकेने आधी फुटपाथ मोकळा करावा. आणि फेरीत येणाऱ्यांनी बोंबील उगाच मोडू नये, तो मान गिऱ्हाइकाचा आहे.

पण तुम्ही मराठी वाचक, तुम्हाला फेरीची गरज नाही. ओळख काढा. मुंबईत दोन माणसांमागे एक तरी माणूस मरोळला नोकरीला गेलेला असतो किंवा विमानाला उशीर झाला म्हणून तिथे अडकलेला असतो. त्याचा धागा धरून या. मे महिन्यात आलात तर आगोटीचा बाजार मिळेल, डिसेंबरात आलात तर नेवऱ्या. गुरुवारी मात्र येऊ नका, हे तुमच्याबरोबर जेवायला बसणार नाहीत आणि बाराचे ठोके पडेपर्यंत तुम्हालाही ताटकळत ठेवतील. येताना हातात काहीतरी असू द्या. लाडू असोत, चिवडा असो, काहीही चालेल. डबा मात्र आपला, चांगला, झाकणाचा आणा. तो तुम्हाला लगेच परत मिळणार नाही.